मुलाखतीची तारीख

संगीतकोशाचे प्रमुख संपादक डॉ. कारखानीस यांच्या शब्दाबाहेर जायची कुणाची प्राज्ञा नव्हती. ‘मेटल रॉक’ या संगीतप्रकारावरच्या नोंदीत त्यांनी बिनदिक्कत ठोकून दिलं होतं, की ड्रमर केदार खरे याला नशेपायी त्याच्या बँडमधून हाकललं. नोंद तपासणाऱ्या हेमांगीने ते वाक्य तीनदा वाचलं आणि आधार मागितला.

“आधार? त्याने स्वतः माझ्यापुढे बसून कबूल केलंय!”

“मग मुलाखतीची तारीख घाला, सर. नियम तुमचाच आहे.”

डॉक्टरांनी ऐटीत यंदाच्या ऑगस्टची पाच तारीख लिहून खाली सही ठोकली.

“केदार माझा धाकटा भाऊ,” हेमांगी शांतपणे म्हणाली. “जूनमध्येच आम्ही त्याला अग्नी दिला. पुन्हा भेटलात तर विचारा, सर, आईसाठी काही निरोप आहे का?”