राहू आणि खेकड्यांची बिळं

“ही घरात आली आणि आठव्या दिवशी चंद्र गिळला गेला. मीठही गेलं. पुढच्या ग्रहणात पुन्हा गेलं, तर हिला माहेरी पोचवते आणि परत काही आणत नाही!”

खूप जुनी, समुद्राला अजून गावांची नावंही ठाऊक नव्हती तेव्हाची ही गोष्ट. खाडीकाठच्या मिठागराच्या गावात एक सासू शेजारच्या येसूवहिनीला हे सांगत होती. दाराआड नवी सून तांदूळ निवडत बसली होती. तिने ऐकलं आणि एक खडा बाजूला टाकला. तिची जीभ कमी चालायची; डोळे मात्र सतत कामावर असायचे.

त्या गावाची एक रीत होती. ग्रहणाचे वेध लागले, म्हणजे अगदी सकाळ सरतानाच, की कुणी मातीला हात लावायचा नाही. दारं लावून घरात बसायचं. आणि दर ग्रहणात खाडीचा बांध फुटायचा, मिठाचे वाफे बुडायचे. लोक म्हणायचे, “नुसता चंद्र गिळून राहूचं भागत नाही. तोंडी लावायला मीठही लागतं मेल्याला!”

सुनेने पुढच्या पाच पौर्णिमा नीट पाहिल्या. ग्रहण नसलं तरी दर पौर्णिमेला उधाण यायचंच. भर दुपारी पाणी बांधाच्या गळ्याशी यायचं आणि खेकड्यांनी पोखरलेल्या बिळांतून झिरपू लागायचं. पण तेव्हा तिचा सासरा, नवरा, सगळे गडी चिखलाचे गोळे घेऊन उभे असायचे. भोक दिसलं की बुजवायचे. बांध टिकायचा.

एकदा म्हातारे जोशीबुवा पंचांग सांगायला आले. त्यांना पाणी देता देता तिने हळूच विचारलं, “बुवा, चंद्राला ग्रहण पौर्णिमेलाच का हो लागतं?”

“पौर्णिमेला सूर्य एका अंगाला, चंद्र बरोबर समोर आणि मध्ये आपली पृथ्वी. तिची सावली चंद्रावर पडते, तेच ग्रहण. एरवी तो सावलीच्या जरा वरून नाहीतर खालून निसटतो, म्हणून ते दर पौर्णिमेला नसतं.”

“मग राहू?”

“पोरी,” जोशीबुवा पाणी संपवून म्हणाले, “मला आजवर कुणी तिथीपलीकडे काही विचारलंच नाही.”

ज्येष्ठातल्या पौर्णिमेला पुन्हा ग्रहण आलं. पाऊस तोंडावर होता आणि वाफ्यांत हंगामातलं शेवटचं मीठ होतं. वेध लागले, दारं मिटली. सासू माळ घेऊन बसली. सून मागच्या दाराने बाहेर पडली. कुणी पाहिलं असतं, तर मीठ जायचीही वाट न बघता तिला त्याच दिवशी माहेरी धाडलं असतं.

बांधातल्या तीन बिळांतून पाणी सुटलं होतं. तिने पदर खोचला आणि ओंजळीने चिखल भरला. चौथं भोक मुठीएवढं निघालं. त्यात तिने कमरेचं फडकं कोंबलं, वर माती थापली आणि पाणी ओसरेपर्यंत हलली नाही.

रात्री चंद्र तांब्यासारखा लाल झाला आणि पुन्हा उजळला. रात्रीची भरतीही येऊन गेली. सकाळी आंघोळी उरकून गाव बांधावर आलं, तर मीठ जागच्या जागी, पांढरंशुभ्र!

“राहूला दया आली हो!” येसूवहिनीने हात जोडले.

“माझा जप वाया जातो होय?” सासू म्हणाली.

सासरा मात्र बांधापाशी वाकला होता. ओल्या मातीत बारीक बोटं उमटली होती. “हे कुणाचं काम?”

सून पुढे झाली. तिच्या नखांत अजून चिखल होता.

“अगं, वेधात मातीला हात लावलास?” सासू किंचाळली.

सासऱ्याने वाफ्यातलं चिमूटभर मीठ जिभेवर ठेवलं. मग तो म्हणाला, “पुढच्या ग्रहणाला बांधावर मी बसेन. आणि सून कुठेही जायची नाही.”

तेव्हापासून त्या गावात वेध पाळतात, पण बांध सोडून नाही. आणि त्या सकाळी, सगळ्यांच्या देखत, सून पहिल्यांदा मोठ्याने बोलली, “आत्याबाई, चंद्रावरची सावली आपली आपण सरते, बांधाचं भोक मात्र आपणच बुजवावं लागतं.”