दोन तटांमधला अबोला

पूर्वी मेघवती नगरीत अरिष्टसेन नावाचा राजा राज्य करीत असताना बोधिसत्त्वाने डोंगराळ मुलखातल्या एका कुळात जन्म घेतला होता. त्याचे नाव धृतिमान. आधी तो याच राजाचा सेनानी होता. पण एका वर्षी पीक बुडाले आणि तरीही राजाने गावोगावचे पेरणीचे बियाणेसुद्धा उचलून आणण्याची आज्ञा केली. तेव्हा धृतिमानाने आपली तलवार राजापुढे ठेवली आणि तो डोंगरात निघून गेला. त्याच्या मागोमाग डोंगरातली माणसे आली, नदीकाठची आली, आणि बंडखोरांची सेना उभी राहिली.

सेना एक, पण तट दोन. नदीकाठच्यांचा पुढारी होता भद्रघोष. मनाने सरळ, पण मोठा मानी. नदीकाठची माणसे डोंगरकरांना रांगडी म्हणत, आणि डोंगरकर त्यांना चिखल्ये म्हणून चिडवीत. हे ओळखून धृतिमानाने पहिल्याच दिवशी सगळ्यांकडून एक शपथ घेतली होती. डोंगरकरांचा स्वयंपाक नदीकाठच्या बायकांनी करायचा आणि नदीकाठच्यांचा डोंगरकरणींनी. रोज ज्यांच्या हातचे खायचे त्यांच्यावर हात उगारताना माणूस थोडा तरी थबकेल, एवढाच त्याचा हिशेब.

तीन वर्षे सगळे सुरळीत चालले. मग पकडलेल्या घोड्यांच्या वाटणीवरून बिनसले. पुरुष एकमेकांकडे पाठ करून बसू लागले. बायकांनीही अबोला धरला. चुली पेटत होत्या, पण बोलणे बंद होते.

डोंगरकरांचे धान्याचे कोठार धृतिमानाची बायको उत्पला सांभाळीत असे. त्या दिवशी पौर्णिमा होती, तिचा उपवास होता. दुपारची पंगत उठली आणि घटकाभरात जेवलेली माणसे एकेक करून आडवी होऊ लागली. हात थरथरत होते, जीभ जड झाली होती, ओकाऱ्या थांबत नव्हत्या. बघता बघता चाळीस जण पडले. धृतिमान सकाळपासून खिंडीच्या पाहणीला गेला होता. त्याचे ताट चुलीपाशी झाकून ठेवले होते. उत्पला आजाऱ्यांना पाणी पाजत होती, पण तिची नजर फिरून फिरून त्या ताटाकडे जात होती.

धृतिमानाचा मामेभाऊ कुंजल तलवार बांधूनच आला.

"वहिनी, अजून काय बघायचं राहिलंय? विष घातलंय त्या चिखल्यांनी!"

"भावजी, दम धरा. हे येऊ देत."

"दादा येईपर्यंत उरलेले आडवे होतील. राजाची फौज खाली पायथ्याशी बसलीय. भद्रघोष विकला गेलाय, दुसरं काय! मी माणसं गोळा केलीत. ऊन त्या सुळक्यावर जायच्या आत सोक्षमोक्ष लावतो."

उत्पलेने सुळक्याकडे पाहिले. राजाची फौज याचीच तर वाट पाहत होती. दोन तट भिडले की ती वर चढणार, आणि मग पोराबाळांसकट कोणी उरणार नव्हते.

इतक्यात धृतिमान आला. तो प्रत्येक आजाऱ्यापाशी टेकला, कपाळाला हात लावला.

"कोणी दगावलं का?"

"अजून नाही," कुंजल म्हणाला. "अजून!"

धृतिमानाने कमरेची तलवार सोडून ठेवली आणि चुलीपाशी जाऊन झाकलेले ताट उचलले.

"अहो, ते कशाला घेताय?" उत्पलेचा आवाज चिरकला.

"माझं जेवण राहिलंय," तो शांतपणे म्हणाला आणि ओढ्यापलीकडच्या छावणीकडे चालू लागला. कुंजल, त्याची माणसे आणि उत्पला त्याच्या मागे निघाली.

ओढ्याच्या पलीकडे नदीकाठचे लोक धनुष्ये ताणून उभे होते. डोंगरकर शस्त्रे बांधताना त्यांनी पाहिले होते.

"या सेनापती!" भद्रघोष म्हणाला. "आज आम्हाला भरवायला आलात वाटतं? तुमच्या लोकांचं सोंग झकास वठलंय हो. चढून यायला निमित्त मिळालं."

धृतिमान ओढा ओलांडून त्याच्यापुढे जमिनीवर मांडी घालून बसला.

"भद्रघोषा, तू विष घातलंस असं मला वाटत नाही. पण नुसत्या माझ्या वाटण्यावर कोण विसंबणार? हे तुझ्या माणसांनी रांधलेलं अन्न आहे. शपथेप्रमाणे मी ते खातो." मग त्याने मान वळवली. "कुंजला, मला काही झालं तरी यातल्या एकालाही हात लावायचा नाही. माझ्या नावानं तर नाहीच नाही."

आणि त्याने पहिला घास घेतला.

धावत जाऊन ते ताट उधळून द्यावे असे उत्पलेला वाटले. पण ताट उधळले तर संशय तसाच राहणार होता. दुसरा घास, तिसरा घास. भद्रघोष टक लावून पाहत होता. एकाएकी त्याने धनुष्य खाली टाकले.

"सरका जरा," तो म्हणाला. "रांधणारी माणसं माझी. विषच असेल तर मलाही कळू दे."

दोघे एका ताटात जेवले. थोड्या वेळाने धृतिमानाची बोटे थरथरू लागली. भद्रघोषाची मान कलली, आणि तो कारण नसताना खदखदून हसला.

"बघा!" कुंजल ओरडला.

उत्पला मात्र ओढा ओलांडून नवऱ्यापाशी गुडघे टेकून बसली होती. अंगात ताप नाही, तोंडाला फेस नाही, पापण्या जड, आणि शेजारी हे वेडे हसू. माहेरच्या खळ्यावर तिने हे पाहिले होते. तिने ताटातली शिते चिमटीत धरून हुंगली. डोंगरात पिकणाऱ्या हरीक नावाच्या भरड धान्याचा भात होता, आणि त्याला कुबट वास येत होता.

"हरीक चढलाय!" ती म्हणाली, आणि दुसऱ्याच क्षणी तिला सकाळ आठवली.

सकाळी नदीकाठची स्वयंपाकीण कोठाराच्या दाराशी येऊन उभी राहिली होती. आत हरकाच्या दोन कणग्या होत्या, एक जुनी, एक नवी. नवा हरीक वर्षभर चुलीवर चढवायचा नाही, तो डोक्यात जातो, हे डोंगरात प्रत्येक सासू सुनेला सांगते. तांदूळ खाणाऱ्या नदीकाठच्या बाईला ते कुठून ठाऊक असणार! पण अबोला होता. उत्पलेने जुन्या कणगीकडे नुसती हनुवटी हलवून पाठ फिरवली होती, आणि बाईने दाराजवळची नवी उपसली होती.

हे तिच्याखेरीज कोणालाच माहीत नव्हते. ती गप्प राहिली तर दोष ओढ्यापलीकडेच राहणार होता, आणि तलवारी उपसलेल्याच होत्या. ती उठून उभी राहिली आणि सगळ्यांना ऐकू जाईल असे म्हणाली, "विष कोणीच घातलं नाही. नवा हरीक शिजलाय. कोठार माझं होतं. सांगायला हवं होतं, मी सांगितलं नाही. चूक माझी आहे."

नदीकाठची स्वयंपाकीण पदराने डोळे पुसत पुढे आली. "एक शब्द बोलला असतात, बाई!"

"तुम्ही तरी विचारायचं होतंत."

"विचारणारच होते. तुमचा चेहरा बघितला आणि धीरच झाला नाही."

मग दोघीही रडत रडत ताकासाठी धावल्या, कारण चढलेला हरीक ताकाने उतरतो. ओढ्याच्या दोन्ही बाजूंनी ताकाचे घडे निघाले. दिवेलागणीपर्यंत चाळीसच्या चाळीस जण उठून बसले. कुंजल खाली मान घालून आला आणि त्याने तलवार धृतिमानाच्या पायांशी ठेवली.

"उचल ती," धृतिमान अजून जड असलेल्या जिभेने म्हणाला. "खिंडीत पहाऱ्याला दोन माणसं कमी आहेत. एक तू जा, एक भद्रघोषाचा घे."

खाली राजाची फौज लढाईचा आवाज ऐकायला कान देऊन बसली होती. तिला ऐकू आली ती फक्त बायकांची बडबड. पुढे दोन महिने वाट पाहून राजा थकला, आणि पेरणीपूर्वी त्याने गावोगावचे बियाणे परत धाडले.

संघातल्या दोन गटांनी एकमेकांशी बोलणे टाकले होते, तेव्हा संघाचे गुरू असलेल्या शास्त्यांनी भिक्षूंना ही हकिकत सांगितली. ते म्हणाले, "त्या जन्मीचा कुंजल म्हणजे आजचा देवदत्त. भद्रघोष होता तो सारिपुत्त. राहुलाची आई तेव्हा उत्पला होती. आणि ताट घेऊन ओढा ओलांडणारा धृतिमान, तो मीच होतो."

मग एका बाजूच्या वृद्ध भिक्षूने दुसऱ्या बाजूच्या भिक्षूला हळूच विचारले, "आज भिक्षा मिळाली का हो?"

या कथेतल्या गुणाला क्षांती, म्हणजे धीराने सोसणे, म्हणतात.