कोन्सूमायची पेंढी

ऐका पोरांनो, आणि पोरांचे आजोबा जागे असतील तर त्यांनीही ऐका. फार वर्षांपूर्वी, खाडीवर पूल नव्हता आणि पलीकडे जायचं तर भरतीची वाट बघावी लागे, तेव्हाची ही गोष्ट. वसईकडच्या खाडीकाठी आपल्या सालवडीत कोन्सू नावाची बाई राहायची. सगळं गाव तिला कोन्सूमाय म्हणे. ती हाडं बसवायची. माडावरून पडलेला माणूस असो की पाय मुरगळलेला बैल, तिच्या ओट्यावर सगळे एका रांगेत. असं म्हणतात, की पाळी येईपर्यंत बैलसुद्धा हंबरत नसे, कारण कोन्सूमायला दुसऱ्या कुणाचा आवाज खपत नसे.

तिची एक रीत होती. मनगट दुखतंय म्हणून कुणी आलं, तर ती मनगटाला हातच लावायची नाही. आधी खांदा चाचपायची, मग दंड, मग कोपर, पार बोटांच्या टोकापर्यंत जायची आणि शेवटी मनगटावर यायची. कुणी घाई केली की म्हणायची, "दुखतं तेवढंच बघणारा वैद्य नाय, कसाई असतो."

तिच्या हातून बसलं नाही असं हाड नव्हतं, एक सोडून. सांतान नावाचा पोरगा लहानपणी माडावरून पडला होता. त्याचा उजवा हात तिनं जोडला, पण त्या हाताची दोन बोटं वाकडी राहिली ती राहिलीच. तेल झालं, पाला झाला, नवस झाले, पण बोटं उघडेनात. ते अपयश तिला असं झोंबलं होतं, की सांतान मोठा होऊन मिठागरावर कामाला जाऊ लागला तरी रस्त्यात भेटला की ती आधी त्याची बोटं बघायची आणि मग त्याची विचारपूस करायची.

आता दुसऱ्या माणसाकडे येऊ. जुवांव हा गावातला पहिला वाचता येणारा. तो मुंबईला जहाजावर कामाला होता, तिथून जाड पुठ्ठ्याचं मराठी बायबल घेऊन परतला. त्याआधी गावानं देवाचं वचन कानांनीच ऐकलं होतं. फादर सांगायचे आणि म्हातारी माणसं लक्षात ठेवायची. पण त्या साली आपले म्हातारे फादर तापानं गेले आणि नवे यायचे होते. गावात फादर नाहीत, पण पुस्तक आहे. मग काय, जुवांवचा भाव वधारला.

माणूस वाईट नव्हता हो. पण त्यानं एक खूळ काढलं. कुणी अडचण घेऊन आलं की तो डोळे मिटायचा, पुस्तक उघडायचा आणि पानावर बोट टेकवायचा. बोटाखाली जी ओळ येईल तो देवाचा हुकूम. एकानं विचारलं, छप्पर शाकारू का? बोट नोहाच्या जलप्रलयावर पडलं. त्या बापड्यानं छप्पर सोडून होडी बांधायला घेतली, आणि त्या वर्षी पाऊस नेमका कमी झाला. दुसऱ्यानं म्हशीबद्दल विचारलं. बोटाखाली आलं, तुझ्याकडे आहे ते वीक. त्यानं म्हैस विकली आणि पोरं ताकाला महाग झाली. कोन्सूमाय हसायची. पण पुस्तक देवाचं, त्यामुळे पुस्तकाविरुद्ध बोलायला कुणी धजावत नसे.

मग आगेरा आला. आगेरा म्हणजे नव्या भाताचा सण. पहिल्या लोंब्या चर्चमध्ये वाहायच्या, देवाचे आभार मानायचे आणि मगच नवा भात घरात शिजवायचा. आदल्या दिवशी घराघरातून एकेक पेंढी वेदीपुढे रचली गेली. सणाच्या सकाळी दार उघडलं तर जमीन मोकळी. एक काडीसुद्धा शिल्लक नव्हती.

शोधायला फार लांब जावं लागलं नाही. सांतानच्या झोपडीतून नव्या भाताच्या पेजेचा वास येत होता. त्याची बायको नुकतीच बाळंत झाली होती, घरात दाणा नव्हता आणि तिला दूध येत नव्हतं. पोर रडून रडून निळं पडलं होतं. मिठागरवाल्याकडे मीठ असतं, शेत नसतं. सणाच्या आधी तो जुन्या तांदळासाठी दारोदार फिरला होता, सगळ्यात आधी जुवांवच्याच दारात. सगळ्यांनी एकच उत्तर दिलं होतं, "आगेरा होऊ दे, मग ये."

पण हे त्या सकाळी कुणाला आठवतंय? वेदीवरचं चोरलं, आशीर्वादाआधी शिजवलं. गाव पेटलं. सांतानला चर्चच्या अंगणात आणलं आणि सगळे जुवांवला म्हणाले, "बोट टेकव!"

जुवांवनं डोळे मिटले, पुस्तक उघडलं, बोट टेकवलं. डोळे उघडून त्यानं ओळ वाचली आणि त्याचा चेहरा पांढराफटक पडला. ओळ होती, तुझा उजवा हात तुला पापात पाडत असेल तर तो तोडून टाक.

खरं सांगू का, हात तोडावा असं तिथं एकालाही वाटत नव्हतं. पण शास्त्र बोललं होतं. मग कुणीतरी ओंडका आणला, कुणीतरी कोयता आणला, आणि सांतानचा उजवा हात ओंडक्यावर बांधला. चांगली माणसं कसायाचं काम करायला निघाली, आणि तेही देवाचं नाव घेऊन. याचा मला आजही संताप येतो.

तेवढ्यात कोन्सूमाय आली. लोक आपोआप बाजूला झाले. चोरीला गेलेल्या पेंढ्यांत तिचीही पेंढी होती, म्हणून आधी तिनं सांतानच्या एक सणसणीत कानफटात ठेवून दिली. मग ती ओंडक्यावरच ठाण मांडून बसली आणि म्हणाली, "हा हात मी जोडलाय. मला विचारल्याबिगर कोण तोडतो बघू."

"माय, मी कुठं सांगतोय? शास्त्र सांगतंय," जुवांव म्हणाला.

"शास्त्र काय एवढ्या एका ओळीचं हाय? मनगट दुखतं तर मी खांद्यापासून बघते. तू देवाचं वचन बघतोस आणि बोटाएवढंच बघतोस? वरचं वाच."

जुवांवनं बोट वर सरकवलं. तो वाचू लागला. वेदीपाशी भेट आणलीस आणि तुझ्या भावाच्या मनात तुझ्याविषयी काही आहे असं आठवलं, तर भेट तिथंच ठेव. आधी जाऊन भावाशी समेट कर, मग येऊन भेट वाहा.

वाचता वाचता जुवांवला आठवलं, सांतान त्याच्याच दारातून रिकामं भांडं घेऊन परत गेला होता. आणि नुसतं त्यालाच नाही. अंगणातल्या बऱ्याच माना खाली गेल्या.

"आता खालचं वाच," कोन्सूमाय म्हणाली.

त्यानं खालचं वाचलं. तुझा सदरा कुणी घेऊ पाहिला, तर त्याला तुझा अंगरखाही घेऊ दे.

"झालं पान. आता सांगा," कोन्सूमाय सगळ्यांकडे वळली, "हे ज्यानं सांगितलं, त्या येशूनं स्वतः किती जणांचे हात तोडले? कुणाला आठवतं का?"

गर्दीच्या मागून एक काठी वाजली. बावतीस आजा पुढे आला. तो दोन्ही डोळ्यांनी आंधळा, पण म्हाताऱ्या फादरांचं एकेक प्रवचन त्याला तोंडपाठ. "एकाचाही नाय," तो म्हणाला. "फादर उपासकाळात सांगायचे. सभास्थानात एक वाळल्या हाताचा माणूस होता. विसाव्याच्या पवित्र दिवशी येशू त्याला बरं करतो का, हे बघायला लोक टपून बसलेले. येशूनं त्याला मधोमध उभं केलं आणि म्हणाला, हात पुढे कर."

ते शब्द त्यानं अशा खणखणीत आवाजात म्हटले, की बांधलेल्या सांतानला वाटलं आपल्यालाच सांगितलं. त्यानं हात पुढे केला. असं म्हणतात, की दोरी गळून पडली. असं म्हणतात, की कुणी हात न लावता ती दोन वाकडी बोटं सरळ झाली आणि मूठ पहाटेच्या कमळासारखी उघडली. कोन्सूमायनं तो हात हातात घेतला, खांद्यापासून बोटांपर्यंत चाचपला, पुन्हा एकदा चाचपला, आणि मग जन्मात कधी न रडलेली ती बाई हमसून हमसून रडली. त्या बोटांचं श्रेय तिनं कधी घेतलं नाही. कुणी विचारलं तर म्हणायची, "ती बोटं माझ्या हातची नव्हती, म्हणूनच राहिली होती."

जुवांवनं मुंबईहून आणलेला आपला कोट उतरवला आणि सांतानच्या खांद्यावर घातला. मग जो तो शेताकडे धावला. विळे तळपले. उन्हं कलायच्या आत वेदीपुढे इतक्या पेंढ्या झाल्या, की चर्चचं दार लागेना. ढोल वाजले, घंटा वाजली, आणि सगळ्यात पुढे पहिली पेंढी उंच धरून चालला सांतान, त्याच उजव्या हातात!

काही दिवसांनी भरतीबरोबर नवे फादर आले. जुवांवनं घाबरत घाबरत त्यांना सगळं सांगितलं. फादर म्हणाले, "बोटानं हुकूम शोधायचा नसतो, जुवांव. पूर्ण पान वाचायचं, त्याला सगळ्या पुस्तकाशी ताडायचं, ज्यांनी ते आपल्यापर्यंत पोचवलं त्यांचं ऐकायचं, आणि येशूला समोर ठेवायचं. तुमच्या अंगणात नेमकं तेच झालं. चर्च असंच वाचत आलंय." मग ते उठले आणि म्हणाले, "ते बाळ कुठाय? त्याचा बाप्तिस्मा करायचाय ना?"

कोन्सूमाय गेली, तिची हाडं कधीच मातीला मिळाली. खाडीवर पूल झाला. पण आजही सालवडीत कुणी रागाच्या भरात बायबलमधली एखादी ओळ दुसऱ्याच्या अंगावर फेकली, की शेंबडं पोरही म्हणतं, "वरचं वाच, खालचं वाच, मग बोल." आगेऱ्याला बावतीस आजाची ती गोष्ट वाचतात, आणि 'हात पुढे कर' हे शब्द आले की अख्खं गाव, तान्ह्यांपासून म्हाताऱ्यांपर्यंत, उजवा हात पुढे करतं. एकदा एका तरुण फादरांनी घाईत निम्मंच वाचून पुस्तक मिटलं. म्हाताऱ्या बायका खोकायला लागल्या, आणि त्यांनी पुन्हा पुस्तक उघडेपर्यंत तो खोकला काही थांबला नाही.

आणि आगेऱ्याच्या आदल्या संध्याकाळी, सगळ्या पेंढ्या आत नेल्या तरी एक भलीमोठी पेंढी चर्चच्या दाराबाहेर ठेवतात. तिला कोन्सूमायची पेंढी म्हणतात. तिच्यावर कुणी पहारा ठेवत नाही. एखाद्या वर्षी ती सकाळी तिथंच असते, एखाद्या वर्षी नसते. नसली, तर त्या सकाळी घंटा जास्त वेळ वाजवतात, आणि ती कुणाच्या हातानं उचलली हे सालवडीत कुणी विचारत नाही.