माळापुरता अंदाज

एका जंगलाच्या टोकाला, माळावरच्या कोरड्या ओढ्याच्या काठात बीळ करून एक कोल्हीण आपल्या दोन पिल्लांसह राहत असे. उन्हाळा असा पेटला होता की दगडावर पाय ठरत नव्हता. पण ओढ्यातले हे बीळ मात्र गार. अशी जागा हेरली म्हणून कोल्हिणीला स्वतःच्या हुशारीचे भारी कौतुक वाटे.

त्या जंगलात एक म्हातारा वानर होता. रोज सकाळी तो सर्वांत उंच झाडाच्या शेंड्यावर चढे, चारी दिशांना बघे आणि ओरडून हवामान सांगे. जो तो आपल्या भागाचे तेवढे ऐकून कामाला लागे. त्या दिवशी वानर ओरडला, "माळावर कडक ऊन, थेंबही नाही! डोंगरावर दुपारनंतर गडगडाटासह मोठ्या पावसाची शक्यता!" माळाचे ऐकून झाले तशी कोल्हीण वळलीसुद्धा. शेजारचे साळिंदर मात्र आपली पिल्ले घेऊन काठावरच्या तापलेल्या खडकाआड निघाले.

"अगं, आपला ओढा डोंगरातूनच येतो ना?" जाता जाता ते म्हणाले.

कोल्हिणीने नाक मुरडले. "डोंगराचं डोंगरवाले बघतील. आणि नुसती शक्यताच तर आहे! तेवढ्यासाठी लेकरांना उन्हात भाजू की काय?"

दुपार कलली. डोक्यावर निळेशार आभाळ, ढगाचा ठिपका नाही. पिल्लांना बिळात झोपवून कोल्हीण काठावर भक्ष्य हुंगत होती. एवढ्यात ओढ्याच्या वळणापलीकडून घरघर ऐकू आली. तिने मान वळवली आणि ती जागच्या जागी थिजली. लख्ख उन्हात, कोरड्या वाळूवरून, गढूळ पाण्याचा लोंढा काटक्याकुटक्या लोटत धावत येत होता! तिचा स्वतःच्या डोळ्यांवर विश्वासच बसेना. आणि मुलांनो, तेवढा एक क्षणच तिला महाग पडला. झेप घेऊन तिने एका पिल्लाला मानेला धरून वर काढले. दुसऱ्यासाठी वळली, तर बीळच दिसेना.

संध्याकाळी पाणी ओसरले. वाचलेल्या पिल्लाला चाटत कोल्हीण पुन्हा पुन्हा वर बघत होती. "पण इथे तर थेंबसुद्धा पडला नाही हो!" एवढेच ती म्हणे. साळिंदराने जरा सरकून तिला खडकाआड जागा करून दिली.

दुसऱ्या दिवशी वानर झाडावर चढायच्या आधीच कोल्हीण बुंध्याशी येऊन बसली होती.

"आजोबा," ती म्हणाली, "आधी डोंगराचं सांगा."

तात्पर्य : संकट आपल्या दारी येते, पण निघते दुसरीकडून, म्हणून जो आपल्यापुरतेच ऐकतो, तो अर्धेच ऐकतो.