शंभर घोंगड्यांचं घर

फार वर्षांपूर्वीची गोष्ट. नेमकी किती वर्षांपूर्वीची ते मला विचारू नका. मला ज्यांनी सांगितली, त्यांनाही ते ठाऊक नव्हतं. एका उघड्या माळावर घोंगड्या विणणाऱ्यांचं एक गाव होतं. गावात माणसं थोडी आणि मेंढ्या फार. त्या काळी मेंढ्यांना बोलता यायचं, पण त्या क्वचितच बोलत. बोलत बसलं की चरायचं राहून जातं ना.

या गावात मायाप्पा नावाचा विणकर आणि त्याची बायको गजरा राहायची. गजरा चातीवर लोकरीचं सूत काढायची, मायाप्पा मागाच्या खड्ड्यात पाय सोडून बसायचा आणि विणायचा. महिन्याला चार घोंगड्या हातावेगळ्या व्हायच्या. हात चांगला, माल चांगला, पण झोपडी मात्र गळकी. पावसाळा आला की कोरड्या कोपऱ्यात लोकर ठेवायची आणि ओल्या कोपऱ्यात आपण झोपायचं, असा त्यांचा रिवाज पडून गेला होता.

गावाला एक सवय होती, ती आधीच सांगून ठेवतो. तिथला बाजार अमावास्येला भरायचा. मीठ, ज्वारी, तेल, सगळं पुढच्या अमावास्येपुरतं आणायचं. त्यामुळे गावातला कुणीही हिशेब करायला बसला, की तो अमावास्येपाशी येऊन थांबायचा. त्याच्या पुढचं मोजायची कुणाला गरज पडली नव्हती, आणि गरज नसलेल्या कामाला हात लावायला ती माणसं काही रिकामी नव्हती.

गावच्या वेशीला एक सावकार होता. सावकार म्हटल्यावर तुम्ही लगेच खोट्या वह्या लिहिणारा, मिशांना पीळ भरणारा कुणीतरी डोळ्यांपुढे आणाल. हा तसला नव्हता. विचारलं तर खरं सांगायचा. न विचारलेलं मात्र आपणहून कधी सांगायचा नाही. त्यानं एक सात खणांचं घर बांधून तयार ठेवलं होतं. जाड भिंती, पक्कं छप्पर, आणि आत लोकर ठेवायला कोरडीठाक खोली.

मायाप्पा तेव्हा छत्तीस वर्षांचा होता. तो घर बघून आला आणि त्याला दुसरं काही सुचेना.

सावकार म्हणाला, "रोख देणार असशील तर शंभर घोंगड्या. नाहीतर घर माझ्याकडे गहाण ठेव आणि दर अमावास्येला एक घोंगडी दे. वीस वर्षं. तीन अमावास्या चुकल्या तर घर माझं."

"महिन्याला एकच?" मायाप्पानं विचारलं.

"एकच."

चारातली एक गेली तरी तीन उरतात, एवढा हिशेब मायाप्पानं जागच्या जागी केला, आणि तो अमावास्येपाशी येऊन थांबला. गहाणखतावर त्यानं अंगठा उठवला आणि घरी सांगायला जवळजवळ पळतच निघाला.

वाटेत त्याची म्हातारी मेंढी चरत होती. कळपात तिच्याएवढं वय कुणाचंच नव्हतं.

"घर घेतलं," मायाप्पा तिला म्हणाला.

"केवढ्याला पडलं?"

"महिन्याला एक घोंगडी."

"कधी द्यायची ते नाही विचारलं मी," मेंढी म्हणाली. "सगळी मिळून किती द्यायची?"

मायाप्पा हसला. मेंढरांना व्यवहारातलं काय कळतंय, असं म्हणून तो पुढे गेला. मेंढीही पुन्हा चरायला लागली.

घर छानच होतं, त्यात काही खोटं नाही. पहिल्या पावसाळ्यात गजरा कोरड्या जमिनीवर झोपली आणि सकाळी उशिरापर्यंत उठलीच नाही. लोकर कोरडी राहू लागली, सूत सरळ निघू लागलं. मायाप्पाला तर घराचं किती कौतुक करू नि किती नको असं झालं. उरलेल्या तीन घोंगड्यांतल्या दोनांवर घर चालायचं आणि तिसरी घराला नटवण्यात जायची. कधी कोरीव चौकट, कधी ओसरीवरचा झोपाळा, कधी झोपाळ्याच्या पितळी कड्या. महिन्याला एकच तर द्यायची आहे, मग हौस का मारायची, असं तो म्हणायचा.

आता त्या मुलुखातली एक रीत. गहाण घराच्या भिंती मातीच्याच रंगाच्या ठेवायच्या. दर पाच वर्षांनी सावकारानं दोरी घेऊन यायचं, जितकं घर फिटलं असेल तितकी भिंत मोजून द्यायची, आणि मालकानं तेवढ्याच भिंतीला चुना लावायचा. वाटेनं जाणाऱ्या परक्या माणसालाही कळायचं की या घरातलं किती घरवाल्याचं आणि किती सावकाराचं. मायाप्पाच्या घराच्या चारी भिंती मिळून बरोबर शंभर हात भरायच्या. घोंगड्या शंभर, हात शंभर. त्यामुळे मोजायला सोपं.

पाच वर्षं झाली. एकही अमावास्या चुकली नव्हती. मायाप्पानं मनाशी म्हटलं, वीस वर्षं आणि चार भिंती, म्हणजे पाच वर्षांना एक भिंत. समोरची भिंत आता आपली. त्यानं अख्ख्या भिंतीला पुरेल एवढी चुनखडी आणली, खड्डा खणून ती भिजत घातली, ताडाच्या कुंचल्यांची जोडी केली आणि साऱ्या गावाला जेवायला बोलावलं.

सावकार आला. त्यानं कोपऱ्याला दोरी लावली, दहा हात मोजले आणि कोळशानं रेघ मारली.

"इथवर," तो म्हणाला.

लोकांना वाटलं, तो मधेच दम खायला थांबलाय. मायाप्पालाही तसंच वाटलं. पण सावकार दोरी गुंडाळायला लागला होता.

"मालक, अवं साठ घोंगड्या दिल्यात मी," मायाप्पा म्हणाला.

"साठच दिल्यास. एकही कमी नाही," सावकार शांतपणे म्हणाला. "त्यातल्या पन्नास व्याजाच्या आणि दहा घराच्या. शंभराचं घर मी तुला त्या दिवशीच दिलं आणि घोंगड्यांची वाट बघत बसलो. वाट बघण्याचंही मोल असतंच ना. एका घोंगडीचे आठ भाग कर. पहिल्या अमावास्येला त्यातले सात व्याजात गेले आणि एक घराला लागला. जसजसं घर फिटेल तसतसं व्याज कमी लागेल. विसाव्या वर्षी चारी भिंती पांढऱ्या होतील, त्यात फरक नाही."

"आणि तोवर माझ्या किती जातील?"

"दोनशे चाळीस," सावकार म्हणाला. "पाच वर्षांपूर्वी विचारलं असतंस तरी हेच सांगितलं असतं."

मायाप्पानं दहा हात भिंत रंगवली. साऱ्या गावादेखत, मान खाली घालून. माणसं मुकाट्यानं जेवून गेली. दोघातिघांनी जाता जाता त्या चुन्याच्या खड्ड्याकडे बघून हसू दाबलं, ते त्याला दिसलं आणि फार लागलं. उरलेला चुना गजरानं देवळाच्या पाराला देऊन टाकला.

दुसऱ्या दिवशी मायाप्पा मेंढवाड्यात जाऊन बसला. म्हातारी मेंढी अजून होती. दात पडले होते, जीभ शाबूत होती.

"तू विचारलं होतंस," तो म्हणाला. "दोनशे चाळीस पडतात."

"दिलेल्या साठ. म्हणजे अजून एकशे ऐंशी," मेंढी म्हणाली. "घोंगड्यांचं मला कोडं नाही, लोकर देतो आम्ही. पण तुझे गुडघे किती वर्षं पुरतील?"

मायाप्पानं पहिल्यांदाच आपल्या गुडघ्यांकडे पाहिलं. मागाच्या खड्ड्यात गुडघे मोडून बसायचं काम ते. त्याचे वडील एकोणपन्नासाव्या वर्षी खड्ड्यातून वर आले ते पुन्हा उतरलेच नाहीत. चुलते पन्नासाव्या वर्षी उठले. गावात पन्नाशीनंतर मागावर बसलेला विणकर कुणी पाहिला नव्हता. आणि वीस वर्षं पुरी होतील तेव्हा मायाप्पा छप्पन्न वर्षांचा असणार होता. त्याच्या हातून घोंगडी निघायची थांबेल, तीन अमावास्या चुकतील, आणि वर्षानुवर्षं राबून चुना लावलेल्या भिंतींसकट घर सावकाराचं होईल. ऐन म्हातारपणी गजराला पुन्हा गळक्या झोपडीत न्यावं लागेल. त्याला रडू कोसळलं. मेंढीनं त्याला रडू दिलं, कारण मेंढ्यांना घाई नसते.

घरी येऊन त्यानं सगळं गजराला सांगितलं. तिनं चाती बाजूला ठेवली, सुपात मूठभर ज्वारी घेतली आणि आठ दाण्यांची एक ओळ मांडली.

"ही एक घोंगडी. आता उरलंय नव्वदाचं. म्हंजी पहिल्यापरास व्याज थोडं कमी, पण सात दाणं म्हणू आपण. ऱ्हायला एक." तिनं सात दाणे बाजूला सारले. मग शेजारी आठ दाण्यांची दुसरी ओळ मांडली. "आता त्याच अमावास्येला दुसरी घोंगडी दिली, तर हिच्यातलं व्याज किती?"

मायाप्पा बघत राहिला. "हिच्यातलं कशापायी? त्या महिन्याचं व्याज तर पहिलीनंच दिलं."

"मग हे आठच्या आठ दाणं घराचं."

मायाप्पानं ते आठ दाणे बोटानं मोजून बघितले. मग गजरा म्हणाली, "अवं, ती तिसरी घोंगडी कड्याचौकटीत घालता ती आता बास. दोनांत भागतंय आपलं, आजवर भागलंयच की."

पुढच्या अमावास्येला दोघं मिळून सावकाराकडे गेली आणि त्याच्यापुढे दोन घोंगड्या ठेवल्या.

"एक पुढच्या महिन्याची आगाऊ का?" सावकारानं विचारलं.

"न्हाई मालक," गजरा म्हणाली. "पुढच्या महिन्याची पुढच्या महिन्यात आणतो. ही घराची. मुद्दलात मांडा."

सावकारानं कपाळाला आठ्या घातल्या. एवढी वर्षं सावकारी केली, पण हे कुणी म्हटलं नव्हतं. त्यानं गहाणखत काढून दोनदा वाचलं. आगाऊ फेडायचं नाही, असं त्यात कुठंच लिहिलं नव्हतं. माणूस शब्दाचा पक्का होता. त्यानं घोंगडी मुद्दलात मांडली, पण त्या दिवशी त्यांना पान काही विचारलं नाही.

मग सुरू झाली दोन घोंगड्यांची वर्षं. झोपाळ्याच्या तीन कड्या पितळी होत्या, चौथी लोखंडाची, जरा आखूड, तशीच राहिली. सणाला पुरण शिजायचं, जत्रेला जाणं व्हायचं, पण बैलगाडी भाड्यानं न घेता चालत. मायाप्पाला वाटलं होतं, हे दिवस जड जातील. तसं झालं नाही. विणताना त्याला आता माहीत असायचं की आजची घोंगडी कुठं चालली आहे, आणि त्या माहितीनंच त्याचा हात हलका पडायचा. संध्याकाळी गजराबरोबर तो त्या एका बाजूनं कलत्या झोपाळ्यावर बसायचा आणि दोघं उरलेल्या घोंगड्या मोजायची. मोजता मोजता कधी हसायचीही. अमावास्येच्या पलीकडे मोजायला त्यांना आता गोडी लागली होती.

दोन घोंगड्यांची पाच वर्षं भरायला दोन महिने कमी असताना सावकारानं शेवटची घोंगडी घेतली आणि गहाणखत फाडलं. सगळ्या मिळून एकशे पंचाहत्तर झाल्या. पासष्ट घोंगड्या आणि दहा वर्षं वाचली. घराच्या चारी भिंतींना चुना लागला, आणि मायाप्पा तेव्हा सेहेचाळीस वर्षांचाही झाला नव्हता.

त्यानंतर दोनच वर्षांनी, एका अमावास्येच्या आदल्या दिवशी, त्याचा उजवा गुडघा खड्ड्यात आखडला. गजरानं हाताला धरून त्याला वर काढलं. तो पुन्हा मागावर बसू शकणार नाही, हे वैद्याच्या आधी त्या दोघांना कळलं.

दुसऱ्या दिवशी तो ओसरीवर पाय लांब करून बसला होता. अंगणाच्या कडेनं सावकार येताना दिसला. अमावास्येचा दिवस, सावकार वसुलीला निघालेला. इतक्या वर्षांच्या सवयीनं मायाप्पाला वाटलं, आपली घोंगडी द्यायची राहिली. त्यानं मागाकडे पाहिलं. माग रिकामा होता, घरात द्यायला घोंगडी नव्हती.

सावकार अंगणात थांबला. "वहिनी, ऊन फार आहे. ताक असेल तर बघा," म्हणाला. गजरानं ताक आणून दिलं. तो उभ्या उभ्या प्यायला, त्यानं मिशा पुसल्या, मायाप्पाला गुडघ्याचं विचारलं, एरंडाचं पान गरम करून बांधायला सांगितलं आणि पुढच्या घराकडे चालता झाला.

मायाप्पा त्याच्या पाठमोऱ्या आकृतीकडे बघत राहिला. त्याला इतकं बरं वाटलं की डोळे भरून आले. मग त्यानं गजराकडे चाती मागितली. बसल्या जागी सूत काढता येतं, आणि चांगल्या सुताला शेजारच्या मागांवर गिऱ्हाईक होतंच. दोघं नवरा-बायको त्या घरात सुखानं म्हातारी झाली, आणि पावसाळ्यात कधी ओल्या कोपऱ्यात झोपली नाहीत.

तात्पर्य : कर्जाचं घर घेताना महिन्याला किती एवढंच विचारू नये, सगळं मिळून किती, आणि आपले हात तोवर चालतील का, हेही विचारावं.