बापूसाहेबांची कथा ऐकण्याची रीत

कोल्हापुरात सिनेमाचे स्टुडिओ जोरात चालत होते, तेव्हाची ही गोष्ट. अनसूयाबाई इंगवले कथा लिहायच्या आणि स्टुडिओचे मालक बापूसाहेब यांना वाचून दाखवायच्या. बापूसाहेब लोडाला टेकून खुशाल घोरायचे आणि जागे झाले की म्हणायचे, “बाई, तुमची नायिका फार बोलते. नको.”

अशा चार कथा गेल्या. पाचवीही गेली, तर बाईंना कायमचं घरी बसावं लागणार होतं.

पाचव्या वेळीही ते घोरले. वाचन संपल्यावर दचकून उठले. “नायिका फार बोलते!”

“बापूसाहेब,” बाई शांतपणे म्हणाल्या, “ती जन्माची मुकी आहे. अख्ख्या कथेत चकार शब्द काढत नाही.”

कथा ऐकायला जमलेली नटमंडळी तोंडाला पदर-रुमाल लावून हसू लागली. बापूसाहेबांनी मिशी सावरली.

“तेच म्हणतोय मी. हातवारे फार करते. तेवढे कमी करा, आणि काढा सिनेमा. पैसा माझा, निर्मात्या तुम्हीच!”