सैल बांगड्या

फार फार वर्षांपूर्वी, एका लहानशा राज्यात एक कासार राहायचा. बांगड्या भरण्यात त्याचा हात असा हलका, की बांगडी मनगटावर चढल्याचं बाईला कळायचंसुद्धा नाही. पण त्याला अफूची चटक लागली. हात थरथरायला लागले, धंदा बसला आणि चोऱ्या सुरू झाल्या.

दोनदा तो किल्ल्याच्या कोठडीत जाऊन आला. सुधारला? छे! तिथले पहारेकरीच चोरून अफू विकायचे. जाताना एकटा गेला, येताना दोन चोर दोस्त घेऊन आला. तिसऱ्या खेपेला त्याने शेजारच्या तेलिणीचा पितळी हंडा पळवला. तिसऱ्या चोरीला कायदा एकच होता, जन्मभर कोठडी.

राणी दर बाजाराच्या दिवशी चावडीवर न्याय करायची. कासारीण तिच्यापुढे उभी राहिली. रडली नाही. रडून झालं होतं.

"राणीसाहेब, दोनदा तुम्ही त्याला कोंडलंत, दोनदा तो जास्त बिघडून आला. ताप आलेल्या माणसाला कोंडून ताप उतरतो का?"

तेलीण फणकारली, "आणि माझा हंडा काय तापाने पळवला?"

"हंड्याची किंमत भरून देऊ, वैनी. पण आधी हा माणसात तर येऊ दे!"

राणीने विचार केला. "कोठडी टळलेली नाही, फक्त लांबवलीय. वर्षभर याने वैद्याचं औषध घ्यायचं, काम करायचं. आणि दर बाजाराला इथे येऊन तेलिणीच्या हातात बांगड्या भरायच्या. अफू खाल्ली की हाताची थरथर लपत नाही. आणि तू रे, माझ्याशी खोटं बोललास, तर त्याच दिवशी कोठडी."

"माझ्याच हातात का?" तेलीण म्हणाली.

"नुकसान तुझं झालंय. सुधारणाही आधी तूच बघ."

पहिल्या बाजाराला तीन बांगड्या फुटल्या. कासार सवयीने पुटपुटला, "वाढली." बांगडी फुटली असं कासार कधी म्हणत नाही.

"वाढली कसली? फुटली म्हण सरळ! रक्त येतंय माझं!" तेलीण ओरडली. पण पुढच्या बाजाराला हात पुढे करून बसली.

वैद्याच्या घरी राहिलेला कासार घामाने भिजला, ओकला, त्याने वैद्याला शिव्या घातल्या. वैद्याने शिव्या ऐकल्या आणि काढा पाजला. राणी दर बाजाराला विचारायची, "आठवडा कसा गेला?" तो खरं ते सांगायचा. चौथ्या महिन्यात एकही बांगडी फुटेना. वैद्याने त्याला घरी झोपायची परवानगी दिली.

आणि पाचव्या महिन्यात जुना दोस्त भेटला.

बाजाराच्या सकाळी कासारणीने नवऱ्याचे डोळे बघितले. बाहुल्या टाचणीच्या टोकाएवढ्या, अफूचीच खूण! आता कोठडी, आता सगळं संपलं. बांगड्यांची पेटी तिच्याच ताब्यात असायची. तिने तेलिणीच्या मापाच्या बांगड्या काढून एक माप मोठ्या ठेवल्या.

चावडीवर थरथरत्या हातानेही बांगड्या सरसर चढल्या. लोक "वा!" म्हणाले. तेलिणीने हात खाली सोडला, आणि बांगड्या खळखळ जमिनीवर घसरल्या.

"अगं बाई! आठ दिवसांत मी एवढी वाळले?"

कोणी हसलं नाही. राणीने कासाराकडे बघितलं. "आठवडा कसा गेला?"

कासारणीने थाप मारायला तोंड उघडलं. पण कासारच आधी बोलला, "काल अफू खाल्ली, राणीसाहेब. बांगड्या हिने बदलल्यात. आत्ता कळलं मला."

"कोठडीत घाला!" लोक ओरडले.

"का?" राणी म्हणाली. "तो खरं बोललाय. आजार उलटला तर वैद्य रोग्याला घराबाहेर फेकतो का? कासारा, वैद्याकडे परत राहायला जा. तिथे महिनाभर पाणी भर. वर्षाची मोजणी आजपासून नव्याने."

मग ती कासारणीकडे वळली. "आणि तू गं? तुला वाटलं नवऱ्याला वाचवतेयस. वाचवत होतीस त्याच्या अफूला."

कासारणीची मान खाली गेली.

कासाराने पाणी भरलं, काढे प्याला, आणि ते वर्ष पुरं केलं. हंड्याची किंमतही भरून दिली. शेवटच्या बाजाराला राणीने लांबवलेल्या शिक्षेचा कागद सगळ्यांसमोर फाडला.

तेलीण उठली. म्हणाली, "माझ्या लेकीच्या लग्नाचा चुडा तूच भरायचास. दुसऱ्या कासाराला दारात उभं करणार नाही मी."

कासार लहान पोरासारखा रडला. कासारीण राणीच्या पाया पडली. "राणीसाहेब, तुमचे उपकार या जन्मी फिटायचे नाहीत. सोडून दिलंत म्हणून नाही म्हणत मी. सोडलंत कुठे? दर बाजाराला विचारत राहिलात, म्हणून माझा माणूस मला परत मिळाला."

त्या दिवसापासून त्या राज्यात अफूपायी चोरी करणाऱ्याला आधी वैद्याकडे आणि मग दर बाजाराला चावडीवर नेऊ लागले.

तात्पर्य: नशेत बुडालेला माणूस कोंडून सुधारत नाही आणि पाठीशी घालूनही सुधारत नाही, त्याला औषध द्यावं आणि वेळोवेळी जाब विचारावा.